वाटाण्याचं एक मिनिट

तुमच्या फोनच्या कॅमेऱ्यात ‘टाइम-लॅप्स’ नावाचा एक पर्याय असतो. बहुतेकांनी तो एकदा-दोनदा वापरून सोडून दिलेला असतो. गच्चीवरून सरकणारे ढग, बसच्या खिडकीतून खंडाळ्याचा घाट, फार तर मित्राच्या लग्नात मांडव उभा राहताना. मीही त्यातलाच. मागच्या हिवाळ्यात मात्र मी महिनाभर एका कुंडीसमोर फोन लावून ठेवला. याला कारणीभूत होता शंभराहून जास्त वर्षांपूर्वीचा एक माणूस, ज्याच्याकडे असलं कुठलंही बटण नव्हतं.

माणूस तुमच्या ओळखीचा आहे. धुंडिराज गोविंद फाळके. ‘राजा हरिश्चंद्र’, ३ मे १९१३, गिरगावातलं कॉरोनेशन थिएटर, एवढं आपण शाळेत पाठ केलेलं असतं. परेश मोकाशींच्या २००९ च्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’मुळे त्यांची खटपट आपल्या पिढीलाही माहीत झाली. पण ‘हरिश्चंद्रा’च्या आधी फाळक्यांनी एक अगदी छोटी फिल्म केली होती. कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा लावला आणि महिनाभराहून अधिक काळ त्या रोपाची वाढ टिपली. बी, मग अंकुर, मग रोप, मग वेल. पडद्यावर हे सगळं मिनिटभरात व्हायचं. नाव होतं ‘अंकुराची वाढ’.

ही फिल्म आज उपलब्ध नाही. तरी तिच्याबद्दल दोन हजार शब्द लिहावेसे वाटले, त्याचं कारण एक गुणाकार.

०

ही गोष्ट सांगताना अनेकदा म्हणतात की फाळके रोज एक फ्रेम घ्यायचे. ऐकायला छान वाटतं. रोज सकाळी उठायचं, कुंडीला पाणी घालायचं, हँडल एकदा फिरवायचं. मीही हे अनेक वर्षं खरं मानत होतो. एकदा ऑफिसात एका कंटाळवाण्या मीटिंगमध्ये वहीच्या कोपऱ्यात हिशेब मांडला आणि अडकलो.

मूकपटाच्या काळात कॅमेरा हाताने फिरवत. वेग साधारण सेकंदाला १६ फ्रेम. म्हणजे मिनिटाला ९६०. फिल्म मिनिटाहून थोडी मोठी धरली, तर हजार फ्रेम. आता रोज एक फ्रेम घेतली तर महिन्यात होतात तीस. तीस फ्रेम पडद्यावर दोन सेकंदही टिकत नाहीत. प्रेक्षकाने चष्मा सारखा करेपर्यंत वेल उगवून संपली असती.

उलट बाजूने करू. हजार फ्रेम, तीस दिवस. रोजच्या तेहतीस-चौतीस फ्रेम होतात. सकाळी सात ते संध्याकाळी सहा असा अकरा तासांचा उजेड धरला, तर दर वीस मिनिटांनी एक फ्रेम. रोज, महिनाभर.

आणखी एक शक्यता आहे. दिवसातून एकदाच कॅमेरा दोन सेकंद सलग फिरवला असेल. तेवढ्यात बत्तीस फ्रेम होतात, हिशेब जुळतो. पण मग पडद्यावर दोन सेकंद वेल स्तब्ध, एकदम धक्का, पुन्हा दोन सेकंद स्तब्ध असं काहीतरी दिसलं असतं. तीस फोटोंचा स्लाइड शो. पाहणाऱ्यांना ‘रोप वाढताना दिसलं’ असं त्यातून वाटणं कठीण. खरं काय ते या दोन टोकांच्या मधे कुठेतरी असावं. दिवसातून दहा-बारा वेळा, प्रत्येक वेळी दोन-तीन फ्रेम, असंही असू शकतं. काहीही धरलं तरी एक गोष्ट सुटत नाही. दिवसभर कुणीतरी त्या कुंडीजवळ घुटमळत होतं. घड्याळ बघत होतं.

हे ‘कुणीतरी’ माझ्या डोक्यात बसलं. म्हणून मी ते करून बघायचं ठरवलं.

०

माझी सोय फाळक्यांपेक्षा किती बरी होती ते आधी सांगतो. काच तडकलेला एक जुना फोन. पुस्तकांच्या ढिगाला दोरीने बांधलेला. खालच्या किराणा दुकानातून आणलेले वाळलेले हिरवे वाटाणे, रात्रभर भिजवून कुंडीत. दर वीस मिनिटांनी आपोआप फोटो घेणारी वीस ओळींची स्क्रिप्ट. मी ऑफिसात बसलेलो असताना फोन इमानेइतबारे काम करणार होता.

पहिला प्रयत्न नवव्या दिवशी सोडून दिला. स्क्रिप्ट चोवीस तास चालू ठेवली होती, त्यामुळे निम्म्या फ्रेम काळ्या. लावून पाहिलं तर दोन सेकंद उजेड, दोन सेकंद अंधार, दिवाळीच्या माळेसारखं. शिवाय फोनचा कॅमेरा स्वतःच्या अकलेने प्रत्येक फोटोचा उजेड ठरवत होता. ढग आला की तो फोटो उजळवायचा, ऊन आलं की मंद करायचा. रोप बिचारं शांतपणे वाढत होतं आणि भिंत मात्र धडधडत होती.

दुसऱ्या प्रयत्नात उजेडाचं गणित हाताने पक्कं केलं, रात्र वगळली. बाराव्या दिवशी माझ्या रूममेटने प्रेमाने कुंडीला पाणी घातलं आणि घालताना ती दोन बोटं सरकवली. व्हिडिओत त्या क्षणी अख्खं जग डावीकडे उडी मारतं. त्याला काही बोलता येईना, कारण पाणी घालायला मीच विसरलो होतो.

तिसऱ्यांदा जमलं. तीस दिवस, रोज चौतीस फोटो, एकूण १०२०. सेकंदाला सोळाच्या वेगाने लावल्यावर एक मिनिट चार सेकंद.

बघताना दोन गोष्टी अशा दिसल्या ज्या महिनाभर रोज त्या कुंडीशेजारी चहा पिऊनही मला दिसल्या नव्हत्या. पहिली म्हणजे वाटाण्याचं रोप सरळ वर जात नाही. त्याचं टोक हवेत गोल फिरतं, आंधळ्या माणसाने हात पुढे करून खोली चाचपावी तसं. असा एक फेरा साधारण तास-दीड तासात पुरा होतो. चार्ल्स डार्विन म्हातारपणी हेच तासन् तास टिपत बसला होता, काचेवर ठिपके मांडून. वीस मिनिटांच्या अंतराने फोटो घेतले की एका फेऱ्याचे जेमतेम चार बिंदू मिळतात, त्यामुळे माझ्या व्हिडिओत रोप फिरण्याऐवजी थरथरल्यासारखं दिसतं. तरी ते शोधतंय हे कळतं. मग एका सकाळी त्याचा तणावा शेजारच्या काडीला लागतो आणि काही सेकंदांत तिच्याभोवती वळसे घेतो. रूममेट म्हणाला, “हे बघून मटार खायला नको वाटेल रे.”

दुसरी गोष्ट म्हणजे दर दोन सेकंदांनी रोप एक उडी मारतं. ती रात्र असते. संध्याकाळी सहा ते सकाळी सात कॅमेरा झोपलेला, पण रोप जागं. तेरा तासांची वाढ दोन फ्रेमच्या मधल्या फटीत जाते. फाळक्यांनी रात्री दिव्यांची सोय केली नसेल, तर त्यांच्या फिल्ममध्येही अशा तीसेक उड्या असणार.

०

आता थोडं मागे जाऊ, कारण या फिल्मचं वेगळेपण त्याशिवाय कळत नाही.

७ जुलै १८९६ ला मुंबईत वॉटसन हॉटेलमध्ये ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा पहिला खेळ झाला. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, हे व्यवसायाने छायाचित्रकार. त्यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनवर दोन पैलवानांची कुस्ती टिपली. १९०१ मध्ये केंब्रिजहून रँग्लर होऊन आलेल्या र. पु. परांजपे यांचं मुंबईतलं स्वागत टिपलं. आपल्याकडच्या माहितीपटाची सुरुवात इथून धरतात, आणि ते योग्यच आहे.

पण सावेदादांचा कॅमेरा काय करत होता? गर्दीत उभा असलेला माणूस जे पाहील तेच तो पाहत होता. कुस्ती तीन मिनिटांची, तर फिल्मही तेवढ्याच वेळाची. नवल होतं ते पुन्हा पाहता येण्याचं.

वाटाण्याच्या फिल्ममध्ये कॅमेरा असं काहीतरी दाखवतो जे कुणीच पाहिलेलं नव्हतं. फाळक्यांनीही नाही. रोपाजवळ महिनाभर बसलेल्या माणसालाही ते दिसत नाही, हे मी स्वतः अनुभवून सांगतो. आणि तरी त्यात खोटं काहीच नाही. प्रत्येक फ्रेम खरी, क्रम खरा, फक्त मधला वेळ काढून टाकलेला. काळाला कात्री लावून सत्य सांगता येतं, ही कल्पना आज आपल्याला रोजची झालीय. १९१२ च्या सुमारास गिरगाव-दादरच्या मंडळींसाठी ती अगदी नवी असणार.

जगात हा प्रयोग पहिला नव्हता. जर्मनीत विल्हेल्म फेफर या वनस्पतिशास्त्रज्ञाने लाइपझिगमध्ये १८९८ ते १९०० दरम्यान झाडांच्या हालचाली अशाच टिपल्या होत्या. लंडनमध्ये पर्सी स्मिथची ‘द बर्थ ऑफ अ फ्लॉवर’ १९१० ची. त्यात फुलं पडद्यावर उमलत. फेफरला झाडांचा अभ्यास करायचा होता. स्मिथच्या फुलांना चित्रगृहाचा प्रेक्षक होता. फाळक्यांचा हेतू तिसराच होता. त्यांना पैसे उभे करायचे होते.

०

फाळके तेव्हा चाळिशी ओलांडलेले. जे. जे. स्कूल ऑफ आर्ट आणि बडोद्याचं कलाभवन इथे शिकलेले. गोध्र्याला छायाचित्रणाचा धंदा केला, तिथे प्लेगमध्ये पहिली बायको आणि मूल गेलं. पुरातत्त्व खात्यात नोकरी, लोणावळ्याला छापखाना, तिरंगी छपाई शिकायला जर्मनीची वारी. मग भागीदारांशी मतभेद, आणि छापखान्यातून बाहेर. याच रिकाम्या काळात गिरगावात ‘लाइफ ऑफ ख्राइस्ट’ पाहिला आणि त्या जागी त्यांना राम-कृष्ण दिसायला लागले. हे त्यांनी स्वतः पुढे ‘नवयुग’ मासिकातल्या लेखांत लिहिलं आहे.

त्यानंतर ते जवळपास रोज सिनेमे पाहत आणि रात्री जागून प्रयोग करत. इतके, की डोळे बिघडले आणि काही काळ दिसेनासं झालं. उपचारांनी दृष्टी परत आली. मग विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून सुमारे १०,००० रुपये उभे केले आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला निघाले. तिथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांनी मदत केली, सेसिल हेपवर्थ या निर्मात्याने आपला स्टुडिओ दाखवला. सुमारे ५० पौंडांचा विल्यमसन कॅमेरा आणि इतर सामान घेऊन फाळके एप्रिलमध्ये परत आले.

वाटाण्याची फिल्म लंडनच्या आधीची की नंतरची, याबद्दल चरित्रकारांचं एकमत नाही. नंतरची म्हणणारे अधिक आहेत आणि मलाही तेच पटतं. तसं असेल तर परिस्थिती बघा. घरातली शेवटची ठेव मोडून आणलेला कॅमेरा, आणि तो महिनाभर एका कुंडीसमोर खिळवून ठेवायचा. मधे दुसरं काही टिपता येणार नाही. उजेडाचा अंदाज बरोबर आला का, हे फिल्म धुतल्याशिवाय कळणार नाही. मी रोज रात्री फोन उघडून फोटो तपासत होतो. त्यांना तशी सोय नव्हती. कुंडी हलली, कीड लागली, कॅमेऱ्यात उजेड शिरला, की महिना वाया. फाळके छपाईचे कारागीर होते, उजेड आणि रसायनं त्यांच्या हातात बसलेली होती. तरीही हा जुगारच होता.

फिल्म त्यांनी निवडक लोकांना दाखवली. यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देव्हारे यांच्यासारख्यांनी ती पाहून कर्ज देऊ केलं. त्यातून पुढे ‘राजा हरिश्चंद्र’ उभा राहिला.

०

आमच्या धंद्यात याला डेमो म्हणतात. दर दोन आठवड्यांनी मी एक देतो. खरं सांगायचं तर त्यातले निम्मे पोकळ असतात. बटण दाबलं की जे आकडे येतात ते आदल्या रात्री हाताने लिहिलेले असतात. क्लायंट खूश होतो, आपण नंतर खरं काम करू असं ठरवतो, कधी करतो, कधी राहून जातं. सगळेच करतात म्हणून मला त्याचं कधी फारसं वाटलं नव्हतं.

फाळके हातचलाखीत कच्चे नव्हते. जादूचे प्रयोग करत, आणि आपल्या आडनावाची अक्षरं उलटसुलट करून ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने पडद्यावरही आले. पुढे ‘आगकाड्यांची मौज’ या फिल्ममध्ये त्यांनी काड्यापेटीतल्या काड्या नाचवल्या. तंत्र वाटाण्याचंच: एक फ्रेम घ्या, थांबा, पुन्हा एक फ्रेम. फरक एवढाच की दोन फ्रेमच्या मधे काडी माणूस हलवतो आणि वाटाणा आपला आपण हलतो. म्हणजे खोटं कसं करायचं हे त्यांना चांगलं माहीत होतं. कागदाची वेल कापून एका दुपारी वाढवता आली असती. कर्ज देणाऱ्यांना कदाचित फरक कळलाही नसता. ते न करता ते महिनाभर थांबले. मला वाटतं, ज्यांचा पैसा मागायचा त्यांच्याइतकंच त्यांना स्वतःलाही पाहायचं होतं की हे यंत्र खरंच काय करू शकतं.

आणि थांबण्याचा खर्च एकट्या फाळक्यांनी भरला नाही. त्या काळी कच्ची फिल्म छिद्रांशिवाय यायची. कडांना छिद्रं पाडायचं काम अंधारात, हाताने चालवायच्या यंत्रावर करायचं. हे सरस्वतीबाई फाळके शिकल्या आणि करत राहिल्या. एका फ्रेमला दोन्ही कडा मिळून आठ छिद्रं. ‘राजा हरिश्चंद्र’ ३७०० फूट, फुटाला १६ फ्रेम. गुणाकार केला तर पावणेपाच लाखांच्या आसपास छिद्रं, ती फक्त एका प्रतीची. वर दादरच्या त्या घरात सगळ्या मंडळींचा स्वयंपाक. वर दागिने, तेही चित्रपटासाठी गेले. कुंडीजवळच्या त्या ‘कुणीतरी’च्या जागी कोण बसलं असेल, याचा पुरावा नाही. पण नवरा पैशांसाठी मुंबईभर फिरत असताना वीस-वीस मिनिटांचं घड्याळ कुणी पाहिलं असेल, असा प्रश्न पडल्यावाचून राहत नाही.

०

हे सगळं वाचत असताना विम्याच्या पॉलिसीपाशी मी जरा थांबलो होतो. त्या रविवारी घरी फोन केला. बाबा साताऱ्याकडे एका साखर कारखान्यात फिटर होते, आता निवृत्त आहेत.

“बाबा, माझ्या थर्ड इयरच्या फीला पैसे कुठून आणले होते तुम्ही?”

“का रे? आता काय त्याचं?”

“सहज. सांगा ना.”

“पॉलिसीवर कर्ज काढलं होतं. फेडलं नंतर. तुझ्या आईला विचार, तिच्या पाटल्यांतून पहिले हप्ते गेले.”

मला पाटल्यांचं माहीतच नव्हतं. चार वर्षं मी हॉस्टेलवर होतो, सुट्टीत घरी यायचो. दर वेळी घर तसंच दिसायचं. आईच्या हातात पाटल्या आहेत की नाहीत, हे माझ्या एकाही फ्रेममध्ये आलं नव्हतं.

मी तो एक मिनिट चार सेकंदांचा व्हिडिओ दोघांना पाठवला. आईने लगेच फोन केला. वेलीचं कौतुक केलं, मग विचारलं, “मधे मधे ती अशी दचकते का रे?”

म्हटलं, “आई, ती रात्र आहे. तेव्हा फोटो नाही घेतले.”

“वाढत तर होती ना?”

“हो,” म्हटलं, “वाढत होती.”

०

‘राजा हरिश्चंद्रा’ची काही रिळं वाचली आहेत, ती तुम्हाला फोनवरही पाहता येतील. ‘अंकुराची वाढ’ नाही पाहता येणार. पण त्या फिल्मची कृती मात्र पूर्णपणे हातात आहे, आणि हे फार थोड्या हरवलेल्या फिल्मबद्दल म्हणता येतं. मूठभर वाटाणे, एक कुंडी, वापरात नसलेला फोन, दर वीस मिनिटांनी एक फोटो. उजेड हाताने पक्का करा. कुंडीला कुणी हात लावू नये म्हणून चिठ्ठी चिकटवा. आणि पाणी घालायला विसरू नका.

पुढच्या डेमोत मी आकडे हाताने लिहिले नाहीत. जेवढं चालत होतं तेवढंच दाखवलं. ते फार थोडं होतं, आणि क्लायंटने चार प्रश्न जास्त विचारले. कुंडीतली वेल अजून खिडकीत आहे, तिला तीन शेंगा लागल्यात.